धवले आणि शंभर वॅट

मालाडहून मार्वे रस्त्याने मढकडे जाताना मालवणी लागते, आणि त्या मालवणीत आकाशवाणीच्या मुंबई केंद्राचा प्रक्षेपक आहे. 1927 च्या जुलैत मुंबईत सुरू झालेल्या नभोवाणीचा वारसा सांगणारा हा प्रक्षेपक मढच्या कोळीवाड्याचा निकटचा शेजारी असला, तरी ज्याला अवघ्या मुलखाची सेवा करावयाची आहे, त्याला एका गावाचे गाणे समग्र ऐकविण्याइतकी सवड कोठून मिळावी?

आणि हे गाणे समग्रच ऐकावे लागते. कोळी-आगरी लग्नांत धवलारीण कोणतीही पोथी हाती न घेता, केवळ स्मरणाच्या बळावर, हळदीपासून एकेका विधीचे धवले, म्हणजे लग्नगीते, क्रमाने गाते. ध्वनिमुद्रिका आणि कॅसेटी यांनी कोळीगीत महाराष्ट्रभर नेले, हे त्यांचे श्रेय निर्विवाद आहे. परंतु चार मिनिटांच्या त्या मापात धवला मावत नाही, विधी गळून जातो आणि ठेका तेवढा उरतो.

समग्र गाण्याला सवड देणारी वाट अन्यत्र दिसते. सातारा जिल्ह्यातील माण या अवर्षणाच्या तालुक्यात, म्हसवड येथे, चेतना सिन्हा यांच्या माणदेशी फाउंडेशनने 2008 साली ‘माणदेशी तरंग’ ही सामुदायिक नभोवाणीची वाहिनी सुरू केली, तेव्हा परिसरातील लोककलावंतांना आपल्याच माणसांसमोर, आपल्याच बोलीत गाण्याचे हक्काचे व्यासपीठ लाभले. त्याच वर्षी आजच्या तेलंगणातील झहीराबादजवळील माचनूर येथे दलित स्त्रियांनी चालविलेला ‘संघम रेडिओ’ही सुरू झाला.

या दोहोंच्या मुळाशी न्या. पी. बी. सावंत यांच्या पीठाने 1995 साली दिलेला निकाल आहे. रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता होय, हे सर्वोच्च न्यायालयाने त्यात स्पष्ट केले; तरीही बिगरसरकारी संस्थांना सामुदायिक नभोवाणीचा परवाना खुला होण्यास 2006 साल उजाडावे लागले, हा विलंब मला अक्षम्य वाटतो. प्रक्षेपणशक्ती साधारण शंभर वॅट, मनोऱ्याची उंची तीस मीटरपर्यंत, आवाक्यात आसपासची गावे, आणि किमान निम्मे कार्यक्रम स्थानिकांच्या सहभागाने तयार केलेले, अशा या परवान्याच्या अटी आहेत. व्यापारी वाहिनीला ही मर्यादा जाचक वाटेल. धवल्याला मात्र ती पोषक आहे, कारण जेथे ऐकणारा गाणारणीला ओळखतो, तेथे तासभर चालणाऱ्या गाण्याला कोणी लांबण म्हणत नाही.

मढमधील नोंदणीकृत संस्थांनी या परवान्यासाठी अर्ज करावा. परवाना येण्यास काळ लागेल, म्हणून तोवर ध्वनिमुद्रणाचे काम थांबवू नये. घरात धवले जाणणारी वृद्ध स्त्री असेल, तर तिच्या संमतीने, विधींच्या क्रमासह, तिचे सारे गाणे याच लग्नसराईत नोंदवून घ्यावे.