आठवड्याला एक क्रेडिट कार्ड खातो का आपण?

‘माणूस दर आठवड्याला एका क्रेडिट कार्डाएवढं प्लास्टिक गिळतो’ हे वाक्य व्हॉट्सॲपवर, शाळांच्या विज्ञान प्रदर्शनांत आणि टीव्हीवरच्या चर्चांत सारखं कानावर येतं. त्याचा उगम २०१९ सालचा. डब्ल्यूडब्ल्यूएफ या संस्थेने ऑस्ट्रेलियातल्या न्यूकॅसल विद्यापीठाकडून आधीच्या अभ्यासांचे आकडे एकत्र करून घेतले होते. संशोधकांचा अंदाज होता आठवड्याला ०.१ ते ५ ग्रॅम. खालच्या आणि वरच्या आकड्यात पन्नास पटींचं अंतर, आणि बातमीत उरला तो फक्त वरचा. २०२१ मध्ये नेदरलँड्समधल्या वाखेनिंगेन विद्यापीठाच्या गटाने कणांचा आकार आणि घनता नीट हिशेबात घेऊन तेच गणित पुन्हा मांडलं. तेव्हा उत्तर आलं आठवड्याला सुमारे ४ मायक्रोग्रॅम, म्हणजे कार्डाच्या दहा लाखाव्या हिश्शाहूनही कमी. त्यात सगळे अन्नपदार्थ धरलेले नव्हते हे खरं. पण काही पटींनी वाढवलं तरी तो आकडा कार्डाच्या आसपासही पोचत नाही.

५ मिलिमीटरपेक्षा लहान प्लास्टिकच्या कणाला मायक्रोप्लास्टिक म्हणतात. इंग्लंडमधल्या प्लिमथ विद्यापीठाचे रिचर्ड थॉम्पसन यांच्या २००४ मधल्या शोधनिबंधापासून हा विषय चर्चेत आला. १ मायक्रोमीटरहून, म्हणजे मिलिमीटरच्या हजाराव्या भागाहून लहान कण ते नॅनोप्लास्टिक. कणांची संख्या आणि कणांचं वजन या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि या विषयातली निम्मी घबराट त्यांची गल्लत केल्यामुळे होते.

मिठाचंच घ्या. २०२४ मध्ये टॉक्सिक्स लिंक या संस्थेने बाजारातली १० प्रकारची मिठं आणि ५ प्रकारच्या साखरा तपासल्या. सगळ्यांत कण सापडले, आयोडीनयुक्त मिठात सर्वांत जास्त, किलोला सुमारे ८९. अशी बातमी आली की ‘सैंधव वापरा’ हा सल्ला लगेच फिरू लागतो. पण या कणांचं वजन किती भरतं? आयआयटी मुंबईच्या चंदन कृष्ण सेठ आणि अमृतांशु श्रीवास्तव यांनी २०१८ मध्येच भारतीय समुद्री मिठावर काम केलं होतं. त्यांना किलोभर मिठात सुमारे ६४ मायक्रोग्रॅम प्लास्टिक आढळलं. रोज ५ ग्रॅम मीठ खाणाऱ्याच्या पोटात त्यातून वर्षाकाठी सुमारे ११७ मायक्रोग्रॅम जातं. मिठाचे दोन बारीक खडे तराजूत टाकले तर साधारण तेवढंच वजन होईल. एवढ्यासाठी आयोडीन सोडायचं? आयोडीनच्या कमतरतेने गलगंड होतो, गर्भातल्या बाळाच्या मेंदूची वाढ खुंटते. हे अनेक दशकांच्या अनुभवाने सिद्ध झालेलं नुकसान आहे. याच संशोधकांनी उपायही दाखवला होता. मिठागरात घेण्याआधी समुद्राचं पाणी वाळूतून गाळलं, तर वजनाने ८५ टक्क्यांहून अधिक प्लास्टिक वेगळं होतं. म्हणजे मीठ बनतं तिथेच यावर उपाय करता येतो, गृहिणीच्या डब्यात नाही.

‘रक्तात, मेंदूत प्लास्टिक सापडलं’ या बातम्या मात्र जास्त बारकाईने वाचाव्या लागतात. २०२२ मध्ये ॲमस्टरडॅममधल्या संशोधकांनी २२ जणांचं रक्त तपासलं आणि १७ जणांत प्लास्टिक असल्याचं नोंदवलं, सरासरी मिलिलिटरला १.६ मायक्रोग्रॅम. अंगात पाच लिटर रक्त धरलं तर हे ८ मिलिग्रॅम होतं. आता आठवड्याला ४ मायक्रोग्रॅम हा वरचा आकडा घ्या: अडतीस वर्षांत खाल्लेला प्रत्येक कण रक्तातच साठून राहिला, तरच हा हिशेब जमेल. दोन्ही आकडे एकाच वेळी बरोबर असणं अवघड आहे.

अडचण मोजण्याच्या पद्धतीत आहे. नमुना प्रखर उष्णतेने विघटित करायचा आणि निघालेल्या वायूंवरून प्लास्टिक ओळखायचं, ही नेहमीची पद्धत. पण शरीरातली चरबी तापवली की तिच्यातून पॉलिथिनशी मिळतेजुळते तुकडे निघतात. मेंदूच्या कोरड्या वजनात निम्म्याहून जास्त स्निग्ध पदार्थ असतात. अमेरिकेतल्या न्यू मेक्सिको विद्यापीठाच्या २०२५ मधल्या अभ्यासावरून ‘मेंदूत चमचाभर प्लास्टिक’ असे मथळे झळकले, आणि त्यावर इतर शास्त्रज्ञांनी हाच आक्षेप घेतला. शिवाय प्रयोगशाळेतली हवा, हातमोजे, नळ्या या सगळ्यांतूनही कण नमुन्यात मिसळतात. माझं मत असं की शरीरात प्लास्टिकचे कण पोचतात हे मानायला हरकत नाही. ‘इतके पोचतात’ हे अजून मानू नये.

मग दुसऱ्या टोकाचं बोलणं सुरू होतं: ‘प्लास्टिक निष्क्रिय असतं, आत गेलं तसं बाहेर पडतं.’ मोठ्या कणांबाबत हे बरंचसं खरं आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१९ च्या अहवालानुसार १५० मायक्रोमीटरपेक्षा मोठे कण आतड्यातून शोषले जाण्याची शक्यता कमी असते. बारीक कणांचं तसं नाही, आणि याचा पुरावा मायक्रोप्लास्टिक हा शब्द रुळण्याच्या खूप आधीपासून अस्थिरोगतज्ज्ञांकडे आहे.

इंग्लंडमधले शल्यविशारद जॉन चार्नली १९५०च्या दशकाच्या अखेरीस खुब्याचे कृत्रिम सांधे बसवत होते. सांध्याची वाटी टेफ्लॉनची होती. अखंड टेफ्लॉनने शरीराला काही होत नव्हतं. पण चालता-चालता वाटी झिजली, बारीक भुकटी सांध्याभोवती साठली आणि तिथे सूज येऊन गाठी झाल्या. सुमारे तीनशे शस्त्रक्रिया अशा फसल्या. चार्नलींनी मग टेफ्लॉनचे आणि पॉलिथिनचे नमुने स्वतःच्या मांडीत घालून घेतले. टेफ्लॉनच्या जागी गाठ आली, पॉलिथिनच्या जागी नाही. १९६२ पासून ते पॉलिथिनची वाटी वापरू लागले आणि त्या सांध्याने असंख्य लोकांना पुन्हा चालतं केलं. तरीही पुढच्या दशकांत कळलं की झिजलेलं पॉलिथिनही निर्धोक नाही. बाहेरून आलेलं काहीही गिळून टाकणाऱ्या रोगप्रतिकारक पेशी हे कण गिळतात, त्यांना ते पचत नाहीत, त्या दाह वाढवणारी द्रव्यं सोडत राहतात, त्यामुळे भोवतालचं हाड विरघळतं आणि सांधा सैल होतो. अखेर १९९०च्या दशकाच्या उत्तरार्धात कमी झिजणारं पॉलिथिन आलं, तेव्हा हा त्रास खूप घटला. त्याच दशकात अमेरिकेतल्या ऱ्होड आयलंडमध्ये कापडावर नायलॉनची लव बसवणाऱ्या कारखान्यातल्या कामगारांना फुफ्फुसाचा विकार जडल्याचं उघड झालं. कारण होतं श्वासातून जाणारे नायलॉनचे सूक्ष्म तंतू.

या दोन उदाहरणांतून कळतं ते असं: प्लास्टिकचे कण दाह निर्माण करू शकतात, पण त्यासाठी एका जागी भरपूर कण साठावे लागतात. खुब्यात ते वर्षाला मिलिग्रॅमांच्या हिशेबात साठत होते. जेवणातून येणाऱ्या कणांमुळे तेच घडतं का, हा आजचा खरा प्रश्न आहे. इटलीतला, २०२४ मध्ये ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये आलेला अभ्यास त्यासाठी महत्त्वाचा. मानेतल्या रोहिणीतला अडथळा काढलेल्या २५७ रुग्णांपैकी १५० जणांच्या अडथळ्यात पॉलिथिन आढळलं. पुढच्या सुमारे तीन वर्षांत हृदयविकार, पक्षाघात किंवा मृत्यूचा धोका प्लास्टिक आढळलेल्यांत साडेचार पट दिसला. ‘प्लास्टिकमुळे हार्ट अटॅक’ असं मात्र यातून सिद्ध होत नाही. हे सगळे आधीच आजारी रुग्ण होते, आणि त्यांच्या खाण्याच्या सवयी किंवा श्वासातली प्रदूषित हवा यांचा वाटा वेगळा काढलेला नव्हता. इशारा म्हणून मी हा अभ्यास गंभीरपणे घेतो, निकाल म्हणून नाही.

बाटलीबंद पाण्यात प्लास्टिक नसतं, हा समज कोलंबिया विद्यापीठाच्या २०२४ मधल्या अभ्यासाने खोटा ठरवला. लिटरमागे सरासरी सुमारे २,४०,००० कण, त्यातले ९० टक्के नॅनो आकाराचे. काही कण पाणी शुद्ध करणाऱ्या गाळणीच्या पडद्यातूनच आले असावेत. पण गावात काविळीची साथ असेल तर बाटलीच बरी, हे विसरू नये. चीनमधल्या ग्वांगझूच्या संशोधकांनी दाखवलं की जड पाणी उकळलं तर कण त्यातल्या चुन्याच्या थरात अडकतात आणि ९० टक्क्यांपर्यंत कमी होऊ शकतात. आपल्याकडच्या बोअरवेलच्या पाण्यात क्षार भरपूर असतात, तेव्हा उकळून, निवळून, फडक्याने गाळण्याची जुनी रीत इथेही उपयोगाची आहे.

घरात जपायचं ते उष्णतेला. कागदी कपात प्लास्टिक नसतं असं समजून आपण तो चहासाठी हौसेने घेतो, पण आतून त्याला प्लास्टिकचा पातळ थर असतो. आयआयटी खरगपूरच्या प्रयोगात १०० मिलिलिटर गरम पाणी अशा कपात पंधरा मिनिटं ठेवल्यावर सुमारे २५,००० सूक्ष्म कण उतरले. टपरीवर काचेचा ग्लास मागावा. उकळता रस्सा पिशवीत बांधून आणण्यापेक्षा डबा न्यावा. बाळाचं दूध स्टीलच्या भांड्यात कालवून, निववून मगच प्लास्टिकच्या बाटलीत भरावं. ट्रिनिटी कॉलेज डब्लिनच्या २०२० मधल्या अभ्यासात बाटलीतले कण तापमानासोबत झपाट्याने वाढले होते. घरातल्या धुळीत कृत्रिम कपड्यांचे तंतू असतात, म्हणून रांगत्या मुलांच्या घरी कोरड्या झाडूआधी ओलं फडकं. रक्त ‘धुऊन’ प्लास्टिक काढण्याचे महागडे उपचार विकले जातात. त्यांनी आरोग्य सुधारतं असा पुरावा नाही.

आणि ज्याबद्दल शंकाच नाही ते नुकसान आपण रोज करतो. बंब किंवा चूल लवकर पेटावी म्हणून आत प्लास्टिकची पिशवी सारली जाते, गल्लीच्या टोकाला कचरा जाळला जातो. त्या धुरात अतिसूक्ष्म काजळी असते, आणि कचऱ्यात पीव्हीसी असेल तर कर्करोगकारक डायॉक्सिनही. बंबात करवंट्या, शेणी, चिपाडं घालावीत, आणि दुधाच्या पिशव्या धुऊन भंगारवाल्याला द्याव्यात.