कॅसेटमधला वारा

पांढुर्णा-सौंसर हा संत्र्यांचा पट्टा. गोल्फ काही इथला खेळ नव्हे. तरी नव्वदच्या दशकात ज्यांच्या घरी टीव्ही गेम होता, त्यांच्यापैकी अनेकांच्या हाताखालून तो गेला आहे. पुष्कळ गेम एकत्र भरलेल्या कॅसेटींत निन्टेंडोचा ‘गोल्फ’ही असायचा. कॅसेटला फुंकर मारून पोरं मारिओकडेच धावत. पण जो ‘गोल्फ’वर थांबला, त्याला पडद्यावरच्या वाऱ्याच्या बाणाने धरून ठेवलं.

हा खेळ १९८४ चा, प्रोग्राम सातोरु इवाता यांचा. एवढ्याशा मेमरीत १८ होल बसत नाहीत असं इतर म्हणत असताना त्यांनी माहिती आवळून भरायची स्वतःची रीत लिहिली. बटण तीनदा दाबायचं. पहिल्यांदा दाबलं की क्लब मागे जातो, दुसऱ्यांदा जोर ठरतो, तिसऱ्यांदा चेंडूवरचा फटका. हा तिसरा क्षण किंचित हुकला की चेंडू वळतो, आणि जाणता खेळाडू तो मुद्दाम हुकवतो. वारा डावीकडून असेल तर नेम डावीकडे सरकवायचा, किंवा चेंडूच वाऱ्याच्या अंगावर वळवायचा. समोरून असेल तर एक क्लब मोठा घ्यायचा. संक्रांतीला ढील किती द्यायची हे जसं बोटांना उमगतं, तसंच हे.

पुढे संगणक आले, आणि त्यांच्यावर जुन्या यंत्रांचे खेळ चालवणारे इम्युलेटर. १९९७ पासूनच्या ‘मेम’ने आर्केडची यंत्रं जपली, त्यावर पुष्कळ लिहून झालं आहे. इथे महत्त्वाचा ‘रेट्रोआर्क’. चौकट एकच, आणि प्रत्येक यंत्रासाठी वेगळा, बदलता येणारा कोअर. ‘एका यंत्राला एकच स्वतंत्र इम्युलेटर, बाकी सगळं अवडंबर’ असं म्हणणारी मंडळी अजून आहेत. त्यांनी ‘गोल्फ’ लावून बघावा.

आपल्याकडचे टीव्ही तेव्हा पाल पद्धतीचे, सेकंदाला ५० चित्रांचे. जपानी यंत्र ६० चं. इथे विकली गेलेली बहुतेक नकली यंत्रं ५० वर चालत, म्हणून फटक्याची पट्टी सहाव्या हिश्श्याने संथ सरके. इम्युलेटर ६० वर सुरू झाला की वाऱ्याचा हिशेब बरोबर असूनही जुना हात बटण तिसऱ्यांदा दाबताना मागे पडतो. ‘नेस्टोपिया’ कोअरमध्ये यंत्राचा प्रकार ‘डेंडी’ निवडला की जुनी चाल परत मिळते. सपाट पडद्याचा उशीर उरतोच. त्यावर २०१८ पासूनची ‘रन-अहेड’ सोय आहे. ती पुढची फ्रेम आधीच मोजून ठेवते. हे दोन्ही एकाच चौकटीत जुळतं, म्हणूनच तिची बाजू घ्यायची.

हल्ली मोबाइलवरच्या ‘गोल्फ क्लॅश’मध्ये वाऱ्यासाठी क्लबनिहाय कोष्टकं फिरतात. आकडा घाला, नेमाची वर्तुळं तितकी सरकवा. जिंकता येतं, पण वारा वाचायची सवय त्यातून लागत नाही. इम्युलेटरवर दर फटक्याआधी सेव्ह स्टेट, म्हणजे खेळाची त्या क्षणाची नोंद, ठेवून वाऱ्याला पुन्हा पुन्हा हरवणाऱ्यांचंही तेच. सेव्ह स्टेट होलच्या सुरुवातीला ठेवावी आणि पाचवा फटका झाडीत गेला तरी तो होल तसाच पुरा करावा.