सुमेरचे कालवे व जमिनींतील मीठ

नदीकाठीं संस्कृति जन्मास येते असें म्हणतात. परंतु सुमेर देशाची हकीकत पाहिली म्हणजे हें वाक्य अपुरें वाटतें. तैग्रिस व युफ्रेटिस यांच्या खालच्या खोऱ्यांत वर्षाकाठीं आठ इंचांहून कमी पाऊस पडतो. नद्यांना पूर येतो तो वसंत ऋतूंत, पीक कापणीस आलें असतां. पेरणीच्या वेळीं मात्र पाणी उतरलेलें असतें. तेव्हां तेथें धान्य पिकलें तें मनुष्यानें खणलेल्या कालव्यांच्या बळावर.

कालवा म्हटला कीं हिशेब आला. माती किती निघेल, मजूर दिवसास किती उपसेल, त्यास धान्य किती द्यावें, अशीं गणितें कोरलेल्या मातीच्या पाट्या सांपडल्या आहेत. ही गणना साठाच्या पटीनें चाले. तासाचीं साठ मिनिटें हा तिचाच वारसा. पुढें हम्मुराबीनें (इ. स. पूर्वी सुमारें १७५०) कायदाच केला कीं, आळसानें बांध फुटूं देऊन शेजाऱ्याचें पीक बुडविणाऱ्यानें धान्य भरून द्यावें; न जमल्यास त्याला व त्याच्या चीजवस्तूला विकून पैसा वाटून घ्यावा.

परंतु या हिशेबांत एक रकम राहून गेली. नदीच्या पाण्यांत किंचित् मीठ असतें. पाणी उन्हानें उडून जातें, मीठ मागें राहतें. जमीन सपाट, निचरा नाहीं. मग भूगर्भांतील पाणी वर चढतें आणि वातींतून तेल चढावें तसें खारें पाणी पृष्ठभागीं येतें. जेकबसन व ॲडम्स या विद्वानांनीं १९५८ सालीं असें प्रतिपादिलें कीं, इ. स. पूर्वी ३५०० च्या सुमारास गहूं व जव जवळजवळ सारखे पिकत; इ. स. पूर्वी १७०० पर्यंत गहूं नाहींसा झाला. जव खार अधिक सोसतो, पण त्याचेंही उत्पन्न घटलें. कांहीं संशोधकांस हा निष्कर्ष अतिरंजित वाटतो. तथापि खाराचें संकट खरें होतें. शेत एक वर्ष पडीक टाकावें, म्हणजे रानझुडपांचीं खोल मुळें तळचें पाणी शोषून घेतात, हा उपाय तेथील शेतकरी जाणत असे.

नीरा व कृष्णाकाठच्या उसाच्या मळ्यांतही अतिपाण्यानें जमिनी क्षारपड झाल्या, आणि चर काढून निचरा करणें हाच तेथेंही उपाय ठरला. पाणी आणणें ही अर्धी विद्या. तें वाहून काढणें ही उरलेली अर्धी.