श्राव्यातीत तरंगांचे परावर्तन आणि प्रकीर्णन : जिभेच्या प्रतिमेच्या निमित्ताने

१

वागिंद्रियांच्या हालचाली प्रत्यक्ष पाहण्याची सोय स्वनविज्ञानाच्या अभ्यासकाला फार थोडी आहे. ओठ दिसतात, जबडा दिसतो. परंतु बहुतेक स्वनांमधील भेद जिच्यामुळे घडतो ती जीभ दातांच्या आड राहते. तालुलेखनाने जीभ टाळूला कोठे टेकली एवढे समजते. ती तेथवर कशी पोहोचली हे समजत नाही. क्ष-किरणांनी हालचाल दिसते. परंतु केवळ भाषेच्या अभ्यासासाठी निरोगी वक्त्याच्या मुखावर वारंवार क्ष-किरण सोडणे आज कोणी योग्य मानणार नाही. या अडचणीतून वाट काढण्यासाठी अभ्यासकांनी वैद्यकातील सोनोग्राफीचा आश्रय केला. हनुवटीखाली प्रोब धरला असता बोलणाऱ्याच्या जिभेची पाठ पडद्यावर एका तेजस्वी वक्ररेषेच्या रूपाने हलताना दिसते.

ही रेषा पाहून मन हरखते, आणि धोकाही तेथेच आहे. प्रस्तुत लेखकाने एका नोंदणीकृत केंद्रात, तेथील तज्ज्ञांच्या देखरेखीखाली, 'वेल' आणि 'वेळ' यांसारख्या जोड्यांची चित्रे घेतली होती. 'ळ'च्या चित्रात ती रेषा पुढच्या बाजूस अकस्मात तुटत होती. त्यावरून त्याने असा निष्कर्ष काढला, की या वक्त्याच्या 'ळ'मध्ये जिभेचे टोक वर जातच नाही. जीभ मागे आखडते आणि तिचा मधला भागच टाळूकडे उचलला जातो. पुढे त्याच वक्त्याच्या जिभेच्या टोकाला कोळशाची पूड व तेल यांचे मिश्रण लावून तालुलेखन केले, तेव्हा टाळूवर टोकाचा ठसा स्वच्छ उमटला. टोक वर गेले होते. चित्रात मात्र ते आले नव्हते. असे का व्हावे, याचे उत्तर भाषाशास्त्रात नाही, तरंगांच्या वर्तनात आहे. ते समजून घेतल्याखेरीज अशा चित्रांवरून विधाने करणे सुरक्षित नाही.

२

मनुष्याचा कान सामान्यतः सेकंदाला २० ते २०,००० कंपनांचा ध्वनी ऐकतो. त्याहून अधिक कंप्रतेच्या ध्वनीस श्राव्यातीत ध्वनी म्हणतात. वैद्यकीय चित्रणात साधारणपणे २० लाखांपासून दीड कोटीपर्यंत कंप्रता वापरली जाते. प्रोबमधील स्फटिकांना विद्युत्‌स्पंद दिला की ते कंप पावतात आणि ध्वनीचा एक अत्यल्पकालीन स्पंद शरीरात शिरतो. परत येणारा प्रतिध्वनी त्याच स्फटिकांवर आदळला की उलट विद्युत्‌स्पंद निर्माण होतो. हा दाबविद्युत् परिणाम झाक व प्येअर क्यूरी या बंधूंनी १८८० मध्ये शोधून काढला.

यंत्र प्रत्यक्षात दोनच गोष्टी मोजते : प्रतिध्वनी किती वेळाने आला आणि तो किती प्रबळ होता. वेळेवरून अंतर ठरते, प्रबळतेवरून ठिपक्याचे तेज ठरते. अंतर काढताना यंत्र असे गृहीत धरते, की मृदू ऊतींत ध्वनीचा वेग सर्वत्र सेकंदाला १,५४० मीटर आहे आणि स्पंद सरळ गेला व सरळच परत आला. सात सेंटिमीटर खोलीवरून येणाऱ्या प्रतिध्वनीला या हिशेबाने सुमारे ९१ मायक्रोसेकंद लागतात. म्हणजे पडद्यावर दिसते ते अवयवाचे छायाचित्र नव्हे. गृहीतकांच्या आधारे जागोजागी मांडलेले ते प्रतिध्वनी होत. गृहीतक जेथे खरे उतरत नाही तेथे चित्रही खरे उतरत नाही.

३

प्रतिध्वनी निर्माण का होतो? प्रत्येक माध्यमाला स्वतःचा ध्वनिरोध असतो. माध्यमाची घनता आणि त्यातील ध्वनीचा वेग यांचा तो गुणाकार होय. दशलक्ष रेल या एककात पाण्याचा ध्वनिरोध सुमारे १·४८, मेदाचा १·३८, स्नायूचा १·७०, घट्ट हाडाचा ७·८ आणि हवेचा केवळ ०·०००४ आहे. दोन माध्यमांच्या सीमेवर तरंग लंब पडला असता त्याच्या ऊर्जेचा किती अंश परत फिरतो, हे सांगणारा नियम सोपा आहे. दोहोंच्या ध्वनिरोधांतील फरकाला त्यांच्या बेरजेने भागावे व येणाऱ्या संख्येचा वर्ग करावा.

या नियमाने स्नायू व मेद यांच्या सीमेवरून सुमारे १ टक्का ऊर्जा परत येते. उरलेली पुढे जाऊन अधिक खोलवरच्या सीमांची वार्ता आणते. स्नायू व हाड यांच्या सीमेवरून सुमारे ४० टक्के परत येते, आणि हाडात शिरलेली ऊर्जा त्यात झपाट्याने शोषली जात असल्यामुळे हाडामागे काळी सावली पडते. स्नायू व हवा यांच्या सीमेवरून मात्र ९९·९ टक्के ऊर्जा परत फिरते. तपासणीपूर्वी त्वचेवर थंड जेल लावतात ते याचसाठी : प्रोब व त्वचा यांच्यामध्ये हवेचा पातळ थर राहिला, तरी तरंग शरीरात शिरणारच नाही.

जिभेची पाठ इतकी तेजस्वी दिसण्याचे कारणही हेच होय. तरंग खालून वर जातो, जिभेचे स्नायू ओलांडतो आणि पाठीवरच्या हवेला भिडून जवळजवळ संपूर्ण परत फिरतो. त्या पलीकडे असलेली टाळू म्हणूनच एरवी दिसत नाही. जिभेचा तिला स्पर्श झाला, किंवा तोंडात घोटभर पाणी धरले, तरच तिचा मागोवा लागतो. पडद्यावरील पट्टा बराच जाड असतो, कारण स्पंदालाही स्वतःची लांबी असते. प्रतिध्वनीचा आरंभ म्हणजे पट्ट्याची खालची कड. जिभेची खरी सीमा ती होय. वरची कड गिरवणारा विद्यार्थी जिभेला नसलेली उंची देतो.

याला कोनाची मर्यादा आहे. तरंगलांबीच्या मानाने विस्तीर्ण व गुळगुळीत पृष्ठभागावरून होणारे परावर्तन आरशासारखे असते. पृष्ठभाग तिरपा असेल तर प्रतिध्वनी भलत्या दिशेने निघून जातो आणि प्रोबला तो मिळत नाही. जिभेच्या पाठीचा तीव्र उताराचा भाग चित्रात फिका पडतो किंवा लोपतो तो यामुळे.

४

आता 'ळ'कडे वळू. तैत्तिरीय प्रातिशाख्यात ट-वर्गाचे वर्णन करताना जिह्वाग्र मागे वळवून मूर्ध्याला टेकवावे असे सांगितले आहे. मराठी 'ळ'च्या उच्चारणातही टोक कमीअधिक प्रमाणात असेच वर उचलले जाते. टोक उचलले की त्याच्या खाली पोकळी होते आणि त्या पोकळीत हवा शिरते. हनुवटीखालून आलेला तरंग मुखाच्या तळातून वर येतो, या हवेला भिडतो आणि तेथूनच माघारी फिरतो. टोकापर्यंत तो पोहोचतच नाही. त्यातच पुढच्या बाजूस खालच्या जबड्याच्या हाडाची सावली असते, आणि मागे कंठिकास्थीची. त्यामुळे मूर्धन्य स्वनांत जो अवयव सर्वांत महत्त्वाचा, तोच या पद्धतीत सर्वांत आधी दृष्टीआड होतो. रेषेचा अंत म्हणजे जिभेचा अंत नव्हे. तेथे आपल्या ज्ञानाचा अंत होतो, एवढेच.

या चुकीला वैद्यकाच्या इतिहासात एक मोठा पूर्वज आहे. ऑस्ट्रियातील कार्ल डुसिक यांनी १९४२ मध्ये कवटीच्या आरपार श्राव्यातीत तरंग पाठवून मेंदूतील द्रवयुक्त पोकळ्यांचे चित्रण करण्याचा प्रयत्न प्रसिद्ध केला. चित्रांतील आकार त्या पोकळ्यांशी जुळतात असे वाटत होते. १९५०च्या दशकाच्या प्रारंभी असे दाखवून देण्यात आले, की ते आकार मुख्यतः कवटीच्या हाडात कमीअधिक झालेल्या क्षीणनाचे होते. पाहणाऱ्याला जे दिसावे असे वाटत होते, त्याच्याशी जुळणारी आकृती हाडानेच काढून दिली होती. याउलट ग्लासगोचे इयान डोनाल्ड व त्यांचे सहकारी यांनी १९५८ मध्ये 'लॅन्सेट'मधून उदरातील गाठींची चित्रे प्रसिद्ध केली. द्रवाने भरलेली गाठ व भरीव गाठ यांतील भेद त्यांना दाखवता आला. तेथे मार्गात हाड नव्हते, आणि प्रतिध्वनींतील भेदामागे ऊतींमधील खराखुरा भेद होता.

५

या भेदाचे मर्म प्रकीर्णनात आहे. ५० लाख कंप्रतेच्या तरंगाची मृदू ऊतींतील लांबी सुमारे ०·३ मिलिमीटर भरते. एवढ्या किंवा याहून लहान आकाराचे अडथळे तरंगाला आरशाप्रमाणे एका दिशेने परत पाठवत नाहीत. ते त्याला चोहीकडे विखुरतात. अडथळा तरंगलांबीहून फारच लहान असेल, जसे रक्तातील तांबड्या पेशी, तर विखुरलेली ऊर्जा कंप्रतेच्या चतुर्थ घाताच्या प्रमाणात वाढते. प्रकीर्णन परावर्तनापेक्षा पुष्कळच क्षीण असते. परंतु ते कोनावर फारसे अवलंबून नसल्यामुळे अवयवाच्या अंतर्भागाची करडी छटा त्याच्याकडूनच मिळते. नितळ द्रवात विखुरणारे कणच नसल्यामुळे द्रवाची गाठ काळी दिसते.

जिभेच्या आत दिसणारा करडा, ठिपकेदार पोत असाच स्नायुतंतू व त्यांमधील संयोजी ऊती यांच्यापासून होणाऱ्या प्रकीर्णनाचा आहे. तथापि, त्यातील प्रत्येक ठिपका म्हणजे एकेक तंतू अशी समजूत करून घेणे चूक ठरेल. असंख्य सूक्ष्म अडथळ्यांवरून आलेले तरंग एकमेकांत मिसळतात. कोठे परस्परांना पुष्टी देतात, कोठे परस्परांना नाहीसे करतात. ठिपके या व्यतिकरणातून उपजतात. प्रोबचा कोन थोडा बदलला तरी त्यांची रचना पालटते. अवयव तोच राहतो.

कंप्रता वाढवली तर बारकावे अधिक स्पष्ट होतील, असा विचार साहजिकच मनात येतो. तो अंशतः खरा आहे. परंतु मृदू ऊतींतील क्षीणन दर सेंटिमीटरला व दर दहा लाख कंप्रतेला अदमासे अर्धा डेसिबेल असते. ५० लाख कंप्रतेचा तरंग सात सेंटिमीटर जाऊन परत येईपर्यंत सुमारे ३५ डेसिबेल क्षीण होतो; एक कोटी कंप्रतेचा ७० डेसिबेल. बारकावा आणि खोली यांपैकी एकासाठी दुसऱ्याची किंमत मोजावीच लागते.

६

या विवेचनातून विद्यार्थ्याने कोणता बोध घ्यावा? चित्रातील प्रत्येक तेजस्वी स्थळाविषयी त्याने विचारावे, की ही सीमा कोणत्या दोन माध्यमांची आहे. आणि प्रत्येक काळ्या स्थळाविषयी विचारावे, की येथे काहीच नाही, की येथवर तरंगच पोहोचला नाही. पहिल्या प्रकारचा काळेपणा हा पुरावा असतो. दुसऱ्या प्रकारचा काळेपणा हा केवळ पुराव्याचा अभाव असतो. द्रवाची गाठ आणि 'ळ'चे टोक दोन्ही काळ्या भागात असतात, पण त्यांचे अर्थ परस्परांहून सर्वस्वी भिन्न आहेत. जेथे टोकाचा प्रश्न असेल तेथे तालुलेखनाची जोड दिल्याशिवाय विधान करू नये. स्वरांच्या अभ्यासात, जिभेच्या पाठीचा उंचसखलपणा पाहावयाचा असताना, ही पद्धत एकटीही पुष्कळ विश्वसनीय ठरते.

आपल्याकडे या कामाला कायद्याचेही एक बंधन आहे. गर्भलिंगनिदानास प्रतिबंध करणाऱ्या १९९४च्या कायद्यान्वये, २००३ मध्ये अमलात आलेल्या दुरुस्तीनंतर, नोंदणी नसलेल्या व्यक्तीस वा प्रयोगशाळेस हे यंत्र विकता येत नाही. ते बंधन ज्या कारणासाठी आले ते लक्षात घेता त्याविषयी कुरकुर करणे शोभणार नाही. मात्र त्यामुळे भाषाशास्त्राच्या विद्यार्थ्याला यंत्रापाशी बसण्याची संधी क्वचितच मिळते, आणि तो इतरांनी प्रसिद्ध केलेल्या चित्रांवर विसंबतो. अशा वाचकाला तर परावर्तन आणि प्रकीर्णन यांचे ज्ञान अधिकच आवश्यक आहे; कारण छापील चित्रातील प्रोबचा कोन त्याला बदलून पाहता येत नाही. 'ळ'च्या त्या तुटलेल्या रेषेपुढे प्रस्तुत लेखकाने हा प्रश्न वेळीच विचारला असता, तर एका सदोष निष्कर्षावर त्याचे कित्येक महिने खर्ची पडले नसते.