जकूझी टब धुताना छाती सांभाळा

आपल्या वस्तीतल्या कितीतरी भगिनी मोठ्या सोसायट्यांत कामाला जातात. तिथल्या काही बाथरूममध्ये आता जकूझी टब असतो, भोकांतून पाण्याचे फवारे सोडणारा. "नुसता घासून घे" म्हणतात. पण खरी घाण दिसतच नाही. मोटार टबातलंच पाणी ओढून पाइपांतून फिरवते. टब रिकामा केला तरी थोडं पाणी पाइपांत उरतं, त्यात अंगाचं तेल आणि साबण साचून बुळबुळीत थर धरतो, आणि त्या थरात जंतू वाढतात. त्यातला लिजिओनेला बारीक तुषारांबरोबर श्वासात गेला तर न्यूमोनिया होतो. १९७६ साली अमेरिकेत फिलाडेल्फियाला जमलेले माजी सैनिक या आजाराने पटापट आजारी पडले. त्यांच्या संघटनेवरूनच जंतूला नाव पडलं.

म्हणून पाइप धुवायचे. वरच्या भोकांच्या चार बोटं वर गरम पाणी भरा, हवेचा नॉब बंद ठेवा, अर्धा कप ब्लीच घाला, दहा-पंधरा मिनिटं मोटार चालवा. तेवढा वेळ खिडकी उघडून आपण बाहेर थांबायचं. मग पाणी सोडून साध्या पाण्याने पुन्हा तसंच चालवा. पाणी भोकांच्या खाली असताना मोटार लावू नका, ती जळते. घासताना मेन स्विच बंद, आणि ओल्या हाताने बटणाला हात नको. हे काम झाडूपोछ्याच्या पगारात बसत नाही, असं आमचं मत आहे. ते आधी बोलून घ्या.

सगळ्यात मोठा धोका मात्र वेगळाच. आमच्याकडे एक ताई खोकत, डोळे लाल करून आली होती. डाग निघेना म्हणून तिने ब्लीचवर टॉयलेटचं ॲसिड ओतलं होतं. त्यातून क्लोरीनचा विषारी वायू निघतो. ब्लीचमध्ये ॲसिड, व्हिनेगर किंवा अमोनियाचा काच क्लीनर कधीच मिसळू नका. चुकून झालंच तर काम टाकून मोकळ्या हवेत या, डोळे पंधरा मिनिटं वाहत्या पाण्याने धुवा, दम लागला तर लगेच दवाखाना गाठा.

टब धुतल्यावर दोन ते दहा दिवसांत जोराचा ताप, खोकला, धाप लागली तर डॉक्टरांना "मी असा टब धुते" हे आवर्जून सांगा. न्यूमोनियाची काही नेहमीची औषधं या जंतूवर चालत नाहीत.