कार्बन डाय-ऑक्साइडपासून प्लॅस्टिक

ग्वाल्हेर येथील लाल टिपारा गोशाळेत शेणापासून वाहनांचे इंधन तयार करणारा प्रकल्प २ ऑक्टोबर २०२४ रोजी सुरू झाला. दररोज १०० टन शेणावर प्रक्रिया करण्याची त्याची क्षमता आहे. गोबर गॅसमध्ये मिथेनच्या जोडीला साधारणतः दोन-पंचमांश भाग कार्बन डाय-ऑक्साइडचा असतो व इंधन शुद्ध करताना तो वेगळा काढावा लागतो. या वायूपासून प्लॅस्टिक बनविता येते, हे मात्र फारसे कोणास ठाऊक नसते.

हा वायू स्वभावाने मंद आहे. इतर पदार्थांशी तो सहजासहजी संयोग पावत नाही. १९६९ साली जपानमधील शोहेई इनोऊए व त्यांच्या सहकाऱ्यांनी जस्ताच्या संयुगाचा उत्प्रेरक म्हणून वापर करून त्याची इपॉक्साइड वर्गातील रसायनांशी साखळी जोडून दाखविली. प्रोपिलीन ऑक्साइड वापरल्यास पॉलिप्रोपिलीन कार्बोनेट हे ऊष्मामृदू प्लॅस्टिक, म्हणजे तापविल्यास मऊ होणारे व थंड झाल्यावर पुन्हा घट्ट होणारे प्लॅस्टिक, मिळते. त्याच्या वजनात कार्बन डाय-ऑक्साइडचा वाटा सुमारे ४३ टक्के असतो. उरलेला भाग बहुधा खनिज तेलातूनच येतो. तेव्हा ‘निव्वळ हवेतून बनलेले प्लॅस्टिक’ असे कोणी सांगितल्यास त्यावर विसंबू नये.

हे प्लॅस्टिक पारदर्शक असून प्राणवायूला चांगला अटकाव करते. म्हणून अन्नपदार्थांच्या वेष्टनासाठी ते उपयुक्त मानले जाते. त्याचा मोठा दोष उष्णतेचा. साधारण ३५ ते ४० अंश सेल्सिअसला ते नरम पडू लागते. वैशाखात ग्वाल्हेरचा पारा ४५ अंशांवर जातो. तेथे अशी नुसती पिशवी दुकानाबाहेर टांगली तर तिचा आकार टिकणार नाही. यास्तव ते इतर प्लॅस्टिकांत मिसळून वापरतात. याउलट, सुमारे २५० अंशांपर्यंत तापविल्यास ते जवळजवळ राख न ठेवता विघटित होते. चिनी मातीच्या व धातूच्या भुकटीचे सूक्ष्म भाग घडविताना बंधक म्हणून हाच गुण कामी येतो. भाग भट्टीत गेला की बंधक निघून जातो.

गाद्यांच्या फोमसाठी लागणारा कच्चा माल या वायूचा अंश घालून बनविण्याचा कारखाना जर्मनीत डॉरमागेन येथे २०१६ साली सुरू झाला.

मध्य प्रदेशाच्या दृष्टीने आणखी एक बाब अधिक जिव्हाळ्याची आहे. छपराच्या पारदर्शक पत्र्यांचे पॉलिकार्बोनेट हे प्लॅस्टिक परंपरेने फॉस्जीन या विषारी वायूपासून बनते. भोपाळच्या कारखान्यातून २ व ३ डिसेंबर १९८४ च्या रात्री सुटलेला मिथाइल आयसोसायनेट तयार करण्यासाठीही फॉस्जीनच वापरला जात असे. फॉस्जीनऐवजी कार्बन डाय-ऑक्साइड घेऊन पॉलिकार्बोनेट बनविण्याची पद्धत जपानच्या असाही कासेई कंपनीने विकसित केली आणि २००२ साली तैवानमध्ये त्या पद्धतीने उत्पादन सुरू झाले. तेथे विषारी वायूचा साठा करण्याचे कारणच उरले नाही.