माणसाएवढी किसणी

आपल्या प्रत्येकाच्या स्वयंपाकघरात किसणी असते. खोबरं किसायचं, गाजर किसायचं, धुऊन उपडी ठेवायची. तिच्याकडे मुद्दाम कोणी पाहत नाही. हीच किसणी माणसाहून उंच झाली आणि तीन पानांचा घडीचा आडोसा होऊन खोलीत उभी राहिली तर? तिला टेकायची आपली हिंमत होईल का? मोना हातूम यांनी २००२ साली पोलादात असा आडोसा खरोखरच केला. ‘ग्रेटर डिव्हाइड’ हे त्याचं नाव. आडोसा माणसाला झाकतो. हा आडोसा कातडी सोलेल.

मोना हातूम हे आजच्या दृश्यकलेतलं मोठं नाव. त्यांना नुसतं चित्रकार म्हणता येत नाही, शिल्पकार म्हणूनही भागत नाही. त्यांनी लोकांसमोर स्वतः उभं राहून प्रयोग केले, चित्रफिती केल्या, कागदावर काम केलं आणि पुढे खोलीभर वस्तूंच्या रचना केल्या. या रचनांना मराठीत मांडणशिल्प म्हणतात.

त्यांचा जन्म १९५२चा, बैरुतचा. आईवडील पॅलेस्टिनी, हैफाचे. १९४८ साली लाखो पॅलेस्टिनींचं घरदार सुटलं, त्यात हे कुटुंब लेबनॉनमध्ये आलं. तिथलं ओळखपत्र त्यांना कधी मिळालं नाही. १९७५ साली मोना थोड्या दिवसांसाठी लंडनला गेल्या आणि मागे लेबनॉनमध्ये यादवी पेटली. परतीची वाट बंद झाली. त्या लंडनमध्येच राहिल्या, तिथल्याच कलाशाळांत शिकल्या. आईवडिलांचं घर एकदा सुटलं होतं, आता लेकीचं सुटलं. नावावरून कुणी त्यांना मुसलमान समजेल, कुटुंब ख्रिस्ती. नावावरून माणूस ओळखून मोकळं होण्याची आपल्याला केवढी घाई असते!

१९८८ सालची त्यांची ‘मेझर्स ऑफ डिस्टन्स’ ही पंधरा मिनिटांची चित्रफीत पाहा. पडद्यावर न्हाणीघरातल्या आईची छायाचित्रं येतात आणि त्यांवर आईच्या पत्रांतल्या अरबी ओळी जाळीसारख्या पसरतात. मागे मायलेकींच्या अरबी गप्पा आणि हसणं ऐकू येतं. त्याच वेळी मोना ती पत्रं इंग्रजीतून वाचत असतात. आईचे शब्द लेकीच्या तोंडी दुसऱ्याच भाषेत येतात. माझी आई घरात दखनी बोलायची. मी कविता मराठीत लिहितो. मराठी मला परकी नाही, ती माझ्या गावाची आणि शाळेची भाषा. तरी आईचा एखादा शब्द कवितेत आणताना त्याला कुठे बसवावं, हे पटकन सुचत नाही. म्हणून ते एकावर एक चढलेले दोन आवाज मला ओळखीचे वाटतात.

१९९६ साली त्यांनी जेरुसलेममध्ये ऑलिव्ह तेलाच्या साबणाच्या दोन हजारांहून अधिक वड्या जमिनीवर मांडल्या. हा साबण नाब्लुसचा, तिथल्या घराघरांतला. त्यात बारीक लाल काचमणी रोवून नकाशा काढला. १९९३च्या ऑस्लो करारानुसार पॅलेस्टिनींकडे सोपवायच्या भूभागांचा हा नकाशा. सलग प्रदेश नाहीच. सुटे सुटे तुकडे. साबणाला घराचा वास असतो आणि साबण विरघळतोही. अशा वस्तूवर आखलेल्या सीमा किती पक्क्या मानायच्या?

आणि २००० सालचं ‘होमबाउंड’. टेबल, खुर्च्या, खाटा, किसण्या, चाळण्या असा सगळा संसार तारांनी जोडलेला. तारांतून वीज खेळते, दिवे उजळतात, मंदावतात, आणि विजेची गुणगुण ध्वनिवर्धकातून ऐकू येते. मध्ये तारांचं कुंपण, आपण अलीकडे. नावाचे अर्थ दोन निघतात: घराकडे निघालेला, आणि घरातच अडकलेला. पहिला अर्थ निर्वासिताचा. दुसरा अनेक घरांतल्या बाईचा. कुंपणाच्या अलीकडे उभं राहणंही आपल्याला नवं नाही. भाड्याचं घर शोधणाऱ्या, बरी नोकरी असलेल्या माझ्या ओळखीच्या मुलांना खोल्या किती हे कळण्याआधी नाव सांगावं लागतं. आणि नाव सांगितलं की घर ‘कालच गेलेलं’ असतं. दिवा आत लागलेला दिसत असतो.

नवी कला समजत नाही, अशी तक्रार आपण करतो. मोना हातूम यांच्या कामाला फार विद्वत्ता लागत नाही. आधी वस्तू ओळखावी. मग तिच्यात काय बदललंय ते पाहावं: आकार, पदार्थ, की तिच्यातून वाहणारी वीज. आणि मग आपल्या अंगावर काटा का आला, हे स्वतःला विचारावं. घर म्हणजे सुरक्षित जागा, असं आपण धरूनच चालतो. ती कोणासाठी सुरक्षित आहे, एवढं एकदा घरातल्या प्रत्येकाला विचारून पाहायला हवं.